पुढच्या महिन्याचा अहवाल

तक्तेबाईंना खऱ्या नावाने हाक मारणारं कोर्टात आता कोणी उरलं नव्हतं. अकरा वर्षं त्या एकच तक्ता करत होत्या, त्यामुळे नाव पडलं ते पडलंच. भ्रष्टाचाराच्या ज्या चौकशा वर्षाच्या वर रेंगाळल्या असतील, त्या प्रत्येकीचा महिन्याला एक अहवाल तपास खात्याने सीलबंद पाकिटातून कोर्टाला द्यायचा, असा आदेश कधीकाळी निघाला होता. पाकीट न्यायाधीश साहेबांच्या खोलीत फोडलं जायचं, अहवाल वाचला जायचा, आणि विलंबाचं कारण बाई तक्त्याच्या शेवटच्या रकान्यात लिहायच्या. कारणं तरी किती? सात-आठ. अधिकाऱ्याची बदली झाली. प्रयोगशाळेकडून उत्तर नाही. कागद भिजले. साक्षीदार आजारी. हीच आलटून पालटून. वाचून वाचून बाईंना ती इतकी पाठ झाली होती की पाकीट हातात घेऊन वजनावरून सांगतील, आत बदली आहे की आजार.

खात्यातही कोणी डोकं खाजवत बसत नसे. तिथला टंकलेखक एका बैठकीत चार-चार महिन्यांचे अहवाल टाइप करून, त्यावर सह्या घेऊन गठ्ठा बांधून ठेवतो, हे सगळ्यांना माहीत होतं. दर महिन्याला वरचा कागद काढायचा आणि पाकिटात घालायचा. ह्याला ते नियोजन म्हणत.

सात महिन्यांपूर्वी नवे साहेब आले आणि जरा वारं फिरलं. साहेब सचोटीचे, तापट, आणि जगात त्यांचा एकच शत्रू होता, तो म्हणजे विलंब. हा शब्द उच्चारतानाच त्यांच्या कपाळावरची शीर उठायची. डोळ्याचं ऑपरेशन झाल्यामुळे अहवाल ते स्वतः वाचत नसत, बाई वाचून दाखवत. प्रत्येक ‘आजारी’ला आणि प्रत्येक ‘बदली’ला साहेब टेबलावर मूठ आपटत. बाईंना हे फार बरं वाटायचं. इतकी वर्षं ती कारणं त्यांनी एकटीने मुकाट्याने गिळली होती, आता निदान कोणीतरी चिडत होतं.

त्या सोमवारी सकाळी खिडकीशी गोदामकाका आले. चौसष्ट वर्षांचे, लिफ्ट बंद म्हणून तीन जिने चढून आलेले, तरी धाप नाही. पाणीपुरवठ्याच्या गोदामात ते भांडारपाल होते. सहा वर्षांपूर्वी पाणी शुद्ध करायच्या पावडरीऐवजी पोत्यांतून नुसती खडूची भुकटी आली, आणि ‘माल बरोबर मिळाला’ म्हणून सही कर, असा त्यांना वरून फोन आला. काकांनी सही केली नाही. दुसऱ्याने केली. त्या उन्हाळ्यात नळाच्या पाण्याने अर्धं गाव अंथरुणाला खिळलं, आणि त्यातली काही माणसं पुन्हा उठली नाहीत. फोन कोणाचा होता, हे काका सोडून कोणालाच ठाऊक नव्हतं. आणि सहा वर्षं त्यांचा जबाब कोणी घेत नव्हतं.

“काय बाई, लागला का माझा नंबर?”

“काका, हा काय दवाखाना आहे नंबर लागायला?”

“दवाखान्यात निदान आत तरी घेतात हो!” असं म्हणून काका हसले आणि जिन्याच्या दिशेने गेले.

तासाभराने बाई साहेबांच्या खोलीत पाकिटं फोडत होत्या. पाचवं पाकीट पावडरीच्या प्रकरणाचं. बाई सवयीच्या सुरात वाचू लागल्या, “सदर प्रकरणातील मुख्य साक्षीदार दिनांक... रोजी सकाळी राहत्या घराजवळील रेल्वे फाटकापाशी अपघातात मयत झाल्याने त्यांचा जबाब नोंदविता आला नाही. सबब प्रकरण बंद करण्यास परवानगी मिळावी.”

‘दिनांक’ आणि ‘रोजी’ ह्यांच्यामध्ये बोटभर जागा कोरी होती.

“अरेरे,” साहेब म्हणाले. “गेला बिचारा. बघा, विलंबाने काय होतं ते! लिहा.”

बाईंचं पेन उघडलं, पण टेकलं नाही. “साहेब, हा माणूस जिवंत आहे. तासाभरापूर्वी माझ्या खिडकीशी उभा होता.” बोलता बोलता त्यांची नजर कागदाच्या माथ्यावर गेली. तिथे महिना पुढचा होता. गठ्ठ्यातून वरचा कागद काढायच्या ऐवजी कोणाच्या तरी हाताला खालचा लागला होता.

तपास खात्याचा निरीक्षक बाहेरच बसलेला होता, त्याला आत बोलावलं. हा गृहस्थ नेहमी हळू बोलायचा, कधी आवाज चढवायचा नाही, आणि दर वाक्याआधी घडी घातलेल्या रुमालाने ओठ टिपायचा. त्याने कागद बघितला. चेहऱ्यावरची रेषसुद्धा हलली नाही.

“टंकलेखकाची चूक, साहेब. दुसऱ्या एका प्रकरणाचा मसुदा ह्याच्यात मिसळला. त्यात एक गृहस्थ खरंच फाटकात गेले होते.” त्याने बाईंच्या बोटांतून कागद अलगद काढून घेतला. “तासाभरात दुरुस्त करून आणतो.”

“मेलेल्या आणि जिवंत माणसात तुमच्या खात्याला फरक कळत नाही?” साहेब कडाडले.

“माफी असावी, साहेब.”

तासाभरात नवा कागद आला. त्यावर ‘साक्षीदार आजारी’ असं होतं. मग मात्र साहेबांचा तोल गेला. तीन जिने चढून येणारा माणूस आजारी कसा, म्हणून त्यांनी निरीक्षकाची अशी काही हजेरी घेतली की बाहेरच्या शिपायाने दार ओढून घेतलं. आजपासून ह्या प्रकरणात पाकीट बंद. जे काय असेल ते खुल्या कोर्टात, सगळ्यांसमोर. पुढच्या महिन्याच्या सात तारखेपर्यंत जबाब झालाच पाहिजे, नाहीतर अधिकाऱ्याची खैर नाही. निरीक्षकाने सगळं ऐकून घेतलं, ओठ टिपले आणि वाकून नमस्कार करून गेला. साहेबांच्या सहीने फाइलीत लागलेल्या कागदात आता आजारच होता. आधीचा कागद त्याच्याच खिशात गेला होता, आणि त्याची नक्कल कोणाकडेच नव्हती.

बाईंना तो बोटभर कोरा भाग काही केल्या डोळ्यांसमोरून हलवता येईना. मसुदा मिसळला म्हणे. मिसळला असेलही. अशा चुका त्यांनी ढिगाने पाहिल्या होत्या. एकदा तर एका पुलाच्या प्रकरणात गायींच्या चाऱ्याचा पंचनामा आला होता. मनाची समजूत घालत त्यांनी कपाटातून मूळ तक्रार काढली, काकांचा पत्ता एका चिठ्ठीवर उतरवला, आणि पाच वाजता घरच्या बसऐवजी दुसऱ्याच बसमध्ये चढल्या.

कंडक्टरला पत्ता दाखवला. तो म्हणाला, “म्हणजे फाटक. शेवटचाच थांबा.”

उतरल्यावर बाई थोडा वेळ तिथेच उभ्या राहिल्या. लाल-पांढरा दांडा वर उभा होता, रूळ उन्हात चमकत होते, आणि पलीकडच्या मोकळ्या मैदानात माणसं फिरत होती. काकांचं घर फाटकापासून पन्नास पावलांवर होतं.

दार काकांच्या मुलीने उघडलं. ती दवाखान्यात औषधांच्या खिडकीवर कामाला होती, नुकतीच आली होती, पायांत अजून चपला तशाच. काकांनी बाईंना बघून दोन्ही हात वर केले. “आज कोर्ट माझ्या दारी! बसा, बसा.”

पाकिटातलं बाहेर सांगितलं तर नोकरी जाते, वर खटला होतो. बाईंच्या निवृत्तीला दोन वर्षं राहिली होती आणि निवृत्तिवेतनावरच पुढचं सगळं होतं. हे त्यांना दारातून आत येईपर्यंत आठवत होतं. खुर्चीवर बसल्यावर त्यांनी शब्दन् शब्द सांगून टाकला.

काका आधी मोठ्याने हसले. “वा! सहा वर्षं मी खात्याच्या खिजगणतीत नव्हतो. शेवटी माझं काम धरलं म्हणायचं!” मग हसता हसता त्यांनी विचारलं, “वेळ कुठली घातली होती?”

“सकाळ.”

काकांचं हसू विरलं. मुलगी म्हणाली, “बाबा रोज सकाळी फाटक ओलांडूनच फिरायला जातात. हे आमच्या गल्लीबाहेर कोणाला माहीत असायचं काय कारण?”

तिने उठून दाराला कडी घातली.

“काका, फोन कोणाचा होता ते नाव मला लिहून द्या,” बाई म्हणाल्या. “मी साहेबांच्या हातात ठेवते.”

“दोनदा लिहून दिलंय, बाई. दोन्ही अर्ज गहाळ झाले, आणि दोन्ही वेळा आठवडाभर घराबाहेर एक मोटरसायकल उभी राहिली. आता कागदावर म्हणून देणार नाही. न्यायाधीश समोर बसलेला असेल, तिथे तोंडाने सांगेन.”

“मग सातपर्यंत इथे राहू नका.”

“आणि जाऊ कुठे? मुलीकडेच राहतो मी, दुसरं आहे कोण?”

बाईंना एकच जागा सुचली. त्यांचा नवरा जाऊन चार वर्षं झाली होती, पण नणंदेशी त्यांचं पहिल्यासारखंच सख्य होतं. वन्सं तीन तासांवरच्या गावात एकट्या राहायच्या, शिवणाचे वर्ग चालवायच्या आणि साऱ्या गल्लीवर हुकूमत गाजवायच्या. दुसऱ्या दिवशी बाईंनी रजा टाकली आणि काकांना बसने तिकडे नेऊन सोडलं.

वन्संनी काकांना आपादमस्तक न्याहाळलं. “काज-बटण येतं का?”

“पोत्याचं तोंड शिवता येतं,” काका म्हणाले.

“चालेल. रिकामं बसलेलं माणूस मला घरात खपत नाही.” मग त्यांनी बाईंना स्वयंपाकघरात ओढलं. “तू काळजी करू नको. सात तारखेला मी स्वतः ह्यांना घेऊन कोर्टात हजर होते. कोणाची छाती आहे बघू मला अडवायची.”

“वन्सं, माझ्याशिवाय कोणी आलं तर दार उघडायचं नाही.”

“अगं, मला काय लहान समजतेस?”

परत आल्यावर बाईंनी साहेबांना सांगायचा प्रयत्न केला, एकदा नव्हे, दोनदा. दोन्ही वेळा ‘पावडरीच्या प्रकरणात’ एवढे शब्द तोंडातून निघाले आणि साहेबांनी हात वर केला. “बाई, प्रकरणाबद्दल खोलीत एक अक्षर नको. जे असेल ते खुल्या कोर्टात.” माणूस सरळ, म्हणून असा वागला, वाकडा असता तर दार लावून सगळं ऐकून घेतलं असतं. बाईंना त्यांच्या सरळपणाचा तेव्हा पहिल्यांदा राग आला. मग त्यांनी दिवस मोजायला घेतले. खात्याचा हवालदार दर दोन दिवसांनी खिडकीशी यायचा, चहा पाजू का विचारायचा, आणि जाता जाता म्हणायचा, “बाई, हल्ली रजा-बिजा घेत नाही तुम्ही? मध्ये एक घेतली होती म्हणे.” बाई मान खाली घालून शिक्के मारत राहायच्या. रस्त्यात मागून कोणी चालत आलं की त्या दुकानाशी थांबून त्याला पुढे जाऊ द्यायच्या.

सात तारखेला अजून नऊ दिवस होते. सकाळी साडेदहाला बाई कोर्टात आपल्या जागेवर बसल्या आणि फायलींच्या चळतीत सगळ्यात वर पावडरीची फाइल दिसली. बाईंना वाटलं चुकून आली. तेवढ्यात स्टेनो वाकून कुजबुजला, “काल संध्याकाळी खात्याने अर्ज केला, तारीख अलीकडे घ्या म्हणून. साहेब काय खूश झाले! म्हणाले, माझ्या उभ्या नोकरीत खात्याने तारीख लवकर मागितलेली पहिल्यांदाच बघतोय.”

प्रकरण पुकारलं गेलं. निरीक्षक पुढे येऊन अदबीने उभा राहिला.

“साहेब, आदेशाप्रमाणे आम्ही जबाब घ्यायला गेलो. साक्षीदार घर सोडून गेलेला आहे. मुलगी पत्ता सांगत नाही. माणूस मुद्दाम टाळतोय असं दिसतं. अटकेचं वॉरंट मिळावं, म्हणजे विलंब होणार नाही.”

साहेबांच्या कपाळावरची शीर उठली. “सहा वर्षं मी आणि माझ्या आधीच्यांनी खात्याला फैलावर घेतलं, आणि आता साक्षीदारच पळतो? लिहा, बाई. वॉरंट काढण्यात येत आहे...”

बाई उठून उभ्या राहिल्या. अकरा वर्षांत चालत्या कोर्टात त्यांच्या तोंडून शब्द निघाला नव्हता. स्टेनोची बोटं थांबली.

“साहेब, ते पळालेले नाहीत. कुठे आहेत ते मला माहीत आहे. सात तारखेला ते आपणहून इथे येणार आहेत.”

“तुम्हाला माहीत आहे?” साहेब पुढे वाकले. “कुठे आहेत?”

निरीक्षकाने खिशातून छोटी वही काढली आणि पेनाचं टोपण उघडलं.

“खोलीत सांगते, साहेब. इथे नको.”

“खोलीत काही नाही. सहा वर्षं पाकिटांत गेली ह्या प्रकरणाची. ती पाकिटं मी बंद केली. उघड बोला.”

“साहेब, ते ह्यांच्यापासूनच लपलेत.” बाईंनी निरीक्षकाकडे बोट दाखवलं. “त्या अहवालात मरणाची जागा लिहिली होती. ते फाटक मी जाऊन बघितलंय. त्यांच्या घरासमोरच आहे. मसुदा दुसऱ्या प्रकरणाचा नव्हता.”

साहेबांनी निरीक्षकाकडे पाहिलं. त्याने ओठ टिपले. “साहेबांनी आमचा खुलासा त्याच दिवशी मान्य केलेला आहे. दुरुस्त अहवाल फाइलीत आहे.”

ते खरंच होतं. साहेबांनी फाइल उघडून आपलीच सही बघितली. स्वतःच्या सहीवर विश्वास न ठेवायची सवय कोणत्याच न्यायाधीशाला नसते. “एका टंकलेखनाच्या चुकीवरून तुम्ही साक्षीदार लपवून ठेवलात?” ते म्हणाले. आवाज चढलेला नव्हता, उलट त्यात दुःख होतं. “तक्ता तुम्हीच करता ना? सातपर्यंत नऊ दिवस आहेत. नऊ दिवस म्हणजे काय, तुम्हीच सांगा.”

बाईंनी पेनाचं टोपण लावलं.

“विलंब!” साहेब म्हणाले. “शेवटचं विचारतो. पत्ता?”

“नाही सांगणार, साहेब. माझं जे करायचं ते करा.”

निरीक्षक एक पाऊल पुढे आला. “साहेब, बाईंना त्रास नको. वयाने मोठ्या आहेत. त्यांचे नातेवाईक तसे मोजकेच, आणि रजाही एकच. आम्हाला दोन दिवस पुरेत.”

“बघा,” साहेब भरल्या कोर्टाला म्हणाले, “मनात आणलं तर काम असंही होतं. दोन दिवस दिले. बाई, तुम्ही बाहेर जा. संध्याकाळपर्यंत लेखी खुलासा द्या.”

बाई दारापर्यंत चालत गेल्या आणि दाराबाहेर पडल्यावर धावत सुटल्या. कामाच्या वेळेत फोन बंद करून टेबलाच्या खणात ठेवायचा नियम होता, आणि काल संध्याकाळी निघताना तो खणातच राहिला होता. किल्ली दोनदा हातातून पडली. फोन सुरू व्हायला लागलेला वेळ त्यांना सहन होईना. तिकडे घंटी वाजली, वाजत राहिली, आणि मग वन्संचा नेहमीचा खणखणीत आवाज आला.

“अगं, तुझा फोन का बंद? सकाळपासून चारदा लावला!”

“वन्सं, आधी ऐका. काकांना घेऊन आत्ताच्या आत्ता घर सोडा. शेजारी जा, कुठेही जा.”

“काका आहेत कुठे इथे? आठ वाजता गाडी आली ना तुमच्या कोर्टाची. मी काही दार उघडत नव्हते, पण त्यांनी खिडकीतून कागद दाखवला. कोर्टाचा शिक्का, काकांच्या प्रकरणाचा नंबर, आणि तारीख आजचीच. म्हणाले, साहेबांनी तारीख अलीकडे घेतली, आज जबाब आहे. काका तर असे खूश झाले की काय सांगू. मी म्हटलं, तुझा फोन लागेपर्यंत थांबा, तर म्हणाले, सहा वर्षं थांबलोय, आता एक मिनिट थांबायचा नाही. इस्त्रीचा शर्ट घातला, भांग पाडला आणि गेले.”

आतून स्टेनोच्या यंत्राचा आवाज येत होता. भिंतीवरच्या घड्याळात सव्वाबारा वाजले होते.

“अगं, ऐकतेस ना?” वन्संचा आवाज आला. “चार तास झाले की. पोचले नाहीत का अजून?”